क्रुसावरून खाली पाहताना

न्यूयॉर्क शहरातल्या ब्रुकलिन म्युझियमच्या संग्रहात एक लहानसे जलरंगचित्र आहे. उंची सुमारे 25 सेंटिमीटर, रुंदी 23. शाळकरी वहीच्या पानाएवढा कागद. त्यावर उघड्या माळावर जमलेली माणसे आहेत: बायका, सैनिक, घोडेस्वार, बघे. बहुतेकांच्या माना वर झालेल्या आहेत आणि त्यांच्या नजरा थेट चित्र पाहणाऱ्यावर येऊन ठेपतात. कोणाच्या नजरेत दुःख आहे, कोणाच्या कुतूहल, कोणाच्या कुत्सितपणा. पाहणारा या सगळ्यांपेक्षा उंचावर आहे. आपण एवढ्या उंचावर कसे आलो, असा प्रश्न पडतो आणि नजर चित्राच्या अगदी खालच्या कडेकडे जाते. तिथे दोन पावलांचा पुढचा भाग दिसतो. ती पावले येशूची आहेत. चित्र पाहणारा क्रुसावर आहे.

जेम्स तिसो या फ्रेंच चित्रकाराने 1886 ते 1894 या काळात हे चित्र काढले. ‘आमच्या प्रभूला क्रुसावरून जे दिसले ते’ अशा अर्थाचे शीर्षक त्याने त्याला दिले. येशूच्या जीवनावर त्याने 350 जलरंगचित्रे काढली, त्यांतले हे एक. ही मालिका त्या काळी गाजली ती तिच्यातल्या बारीकसारीक तपशिलांमुळे. पोशाख, जिने, विहिरी, डोंगर, दिवे, सगळे त्याने प्रत्यक्ष जाऊन पाहून काढले होते. माझ्या मते आज सव्वाशे वर्षांनंतर त्या तपशिलांपेक्षा या एका चित्रातली उभे राहण्याची जागा जास्त मोलाची ठरली आहे. ती जागा तिसोला कुठे सापडली, हे पाहण्यासारखे आहे.

क्रुसावरचा येशू हा युरोपच्या चित्रकलेत शतकानुशतके गिरवला गेलेला विषय. मांडणीही ठरलेली. मध्यभागी क्रूस, त्यावर येशू, एका बाजूला त्याची आई मरीया, दुसऱ्या बाजूला शिष्य योहान, पायाशी मग्दालीया मरीया. चित्रापुढे उभा राहणारा भाविक खालून वर पाहतो, कारण ही चित्रे बहुधा वेदीच्या मागे, प्रार्थनेसाठी लावलेली असत. येशूला चित्रातून बाहेर काढण्याचे धाडस तिसोच्या आधी त्याच्याच देशातल्या ज्याँ-लेओं जेरोमने केले होते. 1867 मध्ये काढलेल्या त्याच्या तैलचित्रात यरुशलेमकडे परतणारी गर्दी आहे आणि जमिनीवर तीन क्रुसांच्या नुसत्या सावल्या पडलेल्या आहेत. ते चित्र आता पॅरिसच्या ओर्से संग्रहालयात आहे. कल्पना विलक्षण आहे, पण जेरोमचा प्रेक्षक त्या डोंगरावर कोणीच नाही. तो लांबून, सुरक्षित अंतरावरून पाहतो. तिसोने ते अंतरच काढून टाकले.

हे करणारा माणूस पन्नाशीपर्यंत धार्मिक चित्रकार म्हणून कोणालाही माहीत नव्हता. 1836 मध्ये नांत या बंदराच्या शहरात त्याचा जन्म झाला. वडील कापडाचे व्यापारी, आई बायकांच्या टोप्यांच्या धंद्यात. कापड कसे पडते, कुठे चुणी येते, रेशमावर उजेड कसा घसरतो, हे त्याला घरातूनच मिळाले असावे. पॅरिसला शिकायला आल्यावर एदगार देगा आणि व्हिसलर या चित्रकारांशी त्याची मैत्री झाली. देगाने काढलेले त्याचे व्यक्तिचित्र न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात आजही पाहता येते. 1870 चे फ्रान्स-प्रशिया युद्ध आणि त्यापाठोपाठचे पॅरिस कम्यूनचे बंड यांनंतर तो लंडनला गेला आणि तिथे उमरावी मेजवान्या, टेम्स नदीवरच्या नौका, उंची झगे घातलेल्या स्त्रिया रंगवून भरपूर पैसा मिळवू लागला. 1874 मध्ये इंप्रेशनिस्टांच्या पहिल्या प्रदर्शनाचे निमंत्रण देगाने त्याला दिले होते, ते त्याने नाकारले. त्याचे आधीच छान चालले होते.

लंडनमध्ये त्याच्या आयुष्यात कॅथलीन न्यूटन आली. तिची कहाणी हिंदुस्थानातून गेलेली आहे. ती मूळची आयरिश, वडील ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत होते. सतराव्या वर्षाच्या आसपास तिला हिंदुस्थानात सरकारी सर्जन असलेल्या आयझॅक न्यूटन नावाच्या माणसाशी लग्न करण्यासाठी बोटीने पाठवले गेले. प्रवासात एका कॅप्टनशी तिचे संबंध जुळले. लग्न झाल्यावर तिने ही गोष्ट नवऱ्याला स्वतःहून सांगितली, आणि घटस्फोट होऊन ती परत आली. व्हिक्टोरियन इंग्लंडमध्ये अशा बाईला घराबाहेर तोंड दाखवणे कठीण होते. 1876 च्या सुमारास ती तिसोच्या घरी राहू लागली. त्या वर्षांतल्या त्याच्या चित्रांत तीच ती आहे: बागेत, आरामखुर्चीत, शाल पांघरून, पुढे पुढे तर आजाराने खंगलेली. नोव्हेंबर 1882 मध्ये क्षयाने ती गेली. वय अवघे 28. आठवडाभराच्या आत तिसोने लंडनचे घर सोडले आणि तो पॅरिसला परतला.

पुढची तीन वर्षे त्याची दोन दिशांना ओढाताण झालेली दिसते. एकीकडे तो मृतात्म्यांशी बोलणाऱ्यांच्या बैठकींना जाऊ लागला. 1885 मध्ये विल्यम एग्लिंटन नावाच्या माध्यमाच्या बैठकीत आपल्याला कॅथलीन दिसली, अशी त्याची खात्री होती आणि ते दृश्य त्याने मुद्राचित्रात उतरवले. दुसरीकडे ‘पॅरिसची स्त्री’ या विषयावर पंधरा मोठी तैलचित्रे तो काढत होता. यांतले दुकानात काम करणाऱ्या तरुणीचे चित्र मला इथे फार महत्त्वाचे वाटते. ती फितींच्या दुकानाचे दार उघडून, हातात बांधलेले पुडके घेऊन उभी आहे आणि आपल्याकडे पाहते आहे. दार तिने आपल्यासाठी उघडले आहे. म्हणजे चित्र पाहणारा हा त्या दुकानातला गिऱ्हाईक आहे, खरेदी आटोपून निघालेला. मागे काचेतून एक पुरुष दुसऱ्या विक्रेतीकडे टक लावून पाहतो आहे. आपणही त्याच बाजारातले एक आहोत, हे चित्रकार न बोलता सांगतो.

प्रेक्षकाला चित्रातली भूमिका देण्याची ही युक्ती तिसोकडे क्रुसाच्या चित्राच्या आधी तयार होती, आणि ती चर्चमध्ये नव्हे, फितींच्या दुकानात तयार झाली होती. त्याच्या धार्मिक चित्रांकडे पाहताना अनेक जण त्याच्या आयुष्याचे दोन तुकडे करतात: आधीचा छचोर, नंतरचा भाविक. मला ते पटत नाही. दुकानाचे दार उघडून धरणारी मुलगी आणि क्रुसाखाली वर पाहणारी मरीया, दोघींच्या नजरा एकाच हाताने आखलेल्या आहेत.

याच पंधरा चित्रांच्या मालिकेतल्या एका चित्रासाठी, चर्चमधल्या संगीताचे वातावरण टिपायला, तो 1885 मध्ये पॅरिसच्या सां-सुल्पीस चर्चमध्ये गेला. मिस्सा चालू असताना त्याला एक दृश्य दिसले: पडक्या इमारतीच्या ढिगाऱ्यात बसलेले एक थकलेले गरीब जोडपे आणि त्यांच्याशेजारी त्यांचे सांत्वन करायला येऊन बसलेला, स्वतःच जखमी असलेला ख्रिस्त. त्या दृश्याने तो बदलला. त्यावर एक चित्र काढून झाले, पण तेवढ्याने त्याचे समाधान होईना. येशूचे सारे जीवन रंगवायचे, आणि तेही त्या भूमीत जाऊन, असे त्याने ठरवले. 15 ऑक्टोबर 1886 रोजी, आपल्या पन्नासाव्या वाढदिवशी, तो पॅलेस्टाइनला जायला निघाला. पुढे 1889 मध्ये आणि 1896 मध्ये तो पुन्हा तिकडे गेला.

तो काळ अशा प्रवासांचा होता. आगबोटींनी भूमध्य समुद्र सोपा केला होता. थॉमस कुकच्या कंपनीने 1869 मध्ये पवित्र भूमीची पहिली सहल नेली होती. लंडनमध्ये पॅलेस्टाइनच्या उत्खननासाठी 1865 मध्ये संस्था निघाली होती. दुसरीकडे 1863 मध्ये एर्नेस्ट रेनांने येशूचे चरित्र चमत्कार बाजूला ठेवून, एका माणसाचे चरित्र म्हणून लिहिले आणि फ्रान्समध्ये गदारोळ झाला. श्रद्धेला पुराव्याची गरज भासू लागली होती. जागा दाखवा, दगड दाखवा, कपडे दाखवा, असे लोक म्हणू लागले होते. तिसो वह्या घेऊन गल्लीबोळांत, टेकड्यांवर, विहिरींपाशी फिरला. चेहरे, फेटे, अंगरखे, दारांच्या कमानी त्याने टिपल्या, छायाचित्रे जमवली, ज्यू आणि ख्रिस्ती ग्रंथ वाचले. त्याच वेळी तो आना काथारिना एमेरिक या जर्मन जोगिणीला झालेल्या दृष्टान्तांचाही आधार घेत होता. वहीतला दगड आणि दृष्टान्तातला प्रकाश या दोन्हींवर त्याचा सारखाच विश्वास होता.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. त्याचा मुख्य आधारच कच्चा होता. पूर्वेकडे काळ थांबलेला असतो, म्हणून 1886 मधला यरुशलेमचा माणूस जसा दिसतो तसाच येशूच्या काळचा दिसत असणार, हे त्या काळच्या युरोपचे गृहीतक त्याने निमूट स्वीकारले होते. खरे तर इसवी सन 70 मध्ये रोमन सैन्याने यरुशलेम उद्ध्वस्त केले. त्यानंतर बायझंटाइन, अरब, क्रुसेडर, मामलुक अशा राजवटी येऊन गेल्या आणि तिसो पोचला तेव्हा शहर जवळजवळ पावणेचारशे वर्षे ऑटोमन तुर्कांच्या ताब्यात होते. त्याने पाहिलेल्या गल्ल्या, कमानी, फेटे हा त्या सगळ्या इतिहासाचा गाळ होता. त्याची चित्रे पहिल्या शतकाची म्हणून पाहिली गेली, पण एकोणिसाव्या शतकातल्या पॅलेस्टाइनची नोंद म्हणून ती जास्त खरी आहेत.

अगदी उलटा मार्ग धरणारा एक चित्रकार गोव्यात जन्मला, तेही तिसो वारला त्याच 1902 मध्ये. सांत इस्तेव्हचे आंजेलो दा फोन्सेका. शांतिनिकेतनात शिकून ते पुण्याच्या ख्रिस्त प्रेम सेवा आश्रमात राहिले आणि जलरंगांत त्यांनी मरीयेला साडी नेसवली, बाळ येशूला आपल्या मातीतला चेहरा दिला. गोव्यातल्या चर्चच्या मंडळींना ते रुचले नाही. तिसोने येशूला शोधायला परदेश गाठला, फोन्सेकांनी त्याला घरी आणले. खरेपणाच्या या दोन कल्पनांपैकी फोन्सेकांची मला अधिक प्रामाणिक वाटते, कारण आपण कल्पना करतो आहोत हे ती लपवत नाही.

आता कागदाकडे येऊ. जलरंग म्हटले की आपल्याला ओल्या कागदावर पसरणारा पारदर्शक रंग आठवतो, ज्यात कागदाचा पांढरेपणा हाच उजेड असतो. तिसोची पद्धत निराळी आहे. त्याने राखाडी-हिरवट छटेचा कागद घेतला, त्यावर शिसपेन्सिलीने रेखाटन केले आणि वरून अपारदर्शक जलरंग लावले, ज्यांना गुआश म्हणतात. या रंगातही बांधणारा पदार्थ डिंकच असतो, पण रंगद्रव्य दाट असते आणि पांढरा मिसळून त्याला अंग दिलेले असते. त्यामुळे गडदावर फिका थर बसतो. आधीच मध्यम छटेच्या असलेल्या कागदावर चित्रकार एकीकडे सावली खाली ओढतो, दुसरीकडे उजेड वर चढवतो. काम झपाट्याने सुकते, आणि बारीक कुंचल्याने केसागणिक रेघ ओढता येते. दाट, झाकणारा पांढरा जलरंग त्या शतकात सहज मिळू लागला होता. लंडनच्या विन्सर अँड न्यूटन कंपनीने 1834 मध्ये जस्ताच्या ऑक्साइडचा ‘चायनीज व्हाइट’ बाजारात आणला, तेव्हापासून जलरंगवाल्यांची मोठी अडचण दूर झाली.

या चित्रात सगळ्यात आधी डोळ्यांत भरतात ते मग्दालीयेचे केस. ती क्रुसाच्या पायथ्याशी गुडघे टेकून आहे, येशूच्या पावलांच्या इतक्या जवळ की तिचा चेहरा जवळजवळ सरळ वर वळला आहे. मोकळे सोडलेले तांबूस केस पाठीवरून लांब खाली आले आहेत. तिच्या थोडे मागे मरीया, छातीशी हात घट्ट धरलेली. जवळच योहान, हात एकमेकांत गुंफलेला. शुभवर्तमानात येशू याच वेळी आईला योहानाच्या हवाली करतो. इतर चित्रकारांनी हा प्रसंग ओठांची हालचाल किंवा हाताची खूण दाखवून रंगवला. इथे बोलणारा चित्रात नाही. बोलणे ऐकणारे चेहरे तेवढे आहेत. यांच्यापलीकडे रोमन सैनिक, घोड्यावर बसून आलेले पुढारी, आणि नुसतेच बघायला आलेले लोक. जसजसे मागे जावे तसतसे चेहरे लहान होत जातात आणि नजरांतली जवळीकही आटत जाते. आई, शिष्या, शिष्य, शिपाई, शत्रू, बघे: क्रुसापासूनचे प्रत्येकाचे अंतर हे त्याच्या नात्याचेही अंतर झाले आहे. मांडणीतली ही हुशारी पहिल्या नजरेत कळत नाही.

मागच्या बाजूला एका खडकात एक काळे तोंड उघडे आहे. ती कबर आहे. ज्याला अजून मरण आलेले नाही, त्याला समोर आपली कबर दिसते आहे. तिसोने हे मनाने घातलेले नाही. योहानाच्या शुभवर्तमानात म्हटले आहे की, जिथे क्रुसावर चढवले त्याच ठिकाणी एक बाग होती आणि तिच्यात एक नवी कबर होती. यरुशलेमच्या पवित्र कबरीच्या चर्चमध्येही गुलगुथा, म्हणजे क्रूस उभारलेले ठिकाण, मानली जाणारी जागा आणि कबर मानली जाणारी जागा एकाच छपराखाली, थोड्याच पावलांच्या अंतरावर आहेत. तिसो तिथे उभा राहिला होता. प्रत्यक्ष जागा पाहिल्याचा जर कुठे खरोखर उपयोग झाला असेल तर तो इथे. पोशाख चुकले असतील, पण एका जागेवरून दुसरी जागा दिसू शकते हे त्याने स्वतः पायांनी मोजले होते.

इतक्या वेदनेच्या प्रसंगात वेदना चित्रात कुठेच दिसत नाही, हेही पाहण्याजोगे आहे. रक्त नाही, काट्यांचा मुकुट नाही, वाकडा झालेला देह नाही. देह आपलाच असल्यामुळे तो आपल्याला दिसत नाही. दिसतात ती आपल्याकडे पाहणारी माणसे, आणि त्यांच्या चेहऱ्यांवरून आपल्याला काय होत असेल ते कळते. देवाच्या जागी माणसाला बसवण्याचा हा उद्धटपणा आहे, असे एखाद्या भाविकाला वाटू शकते. मला यात खोल भक्ती दिसते. सां-सुल्पीसमध्ये तिसोला दिसलेला ख्रिस्त दुःखी जोडप्याच्या शेजारी येऊन बसला होता. इथे चित्रकार प्रेक्षकाला ख्रिस्ताच्या दुःखात नेऊन बसवतो.

1894 च्या एप्रिलमध्ये पॅरिसच्या शाँ-द-मार्सवरच्या सलोंमध्ये, म्हणजे कलाप्रदर्शनात, मालिकेतली 270 चित्रे मांडली गेली. लोक गुडघे टेकत होते, बायका रडत होत्या, अशी वर्णने तेव्हाच्या वृत्तान्तांत आहेत. नंतर तूर शहरातल्या माम या प्रकाशनाने 1896-97 मध्ये सगळी चित्रे रंगीत छपाईत ग्रंथरूपाने काढली. लंडन झाले, मग 1898 पासून अमेरिकेतल्या शहरांचा दौरा झाला. 1900 मध्ये जॉन सिंगर सार्जंट या चित्रकाराच्या सूचनेवरून ब्रुकलिन म्युझियमने लोकवर्गणी जमवून संपूर्ण मालिका 60,000 डॉलरना विकत घेतली. तिसो तेव्हा जुन्या कराराची चित्रे काढण्यात गुंतला होता. ते काम अर्धेच राहिले.

ही चित्रे सहजासहजी पाहायला मिळत नाहीत. कागद आणि जलरंग या दोघांचाही उजेड हा शत्रू. अशा कलाकृतींवर संग्रहालये साधारण 50 लक्सपेक्षा जास्त प्रकाश पडू देत नाहीत आणि काही महिने मांडल्या की पुन्हा अंधारात ठेवून देतात. 2009-10 मध्ये ब्रुकलिनने 124 चित्रांचे प्रदर्शन भरवले, ते वीसएक वर्षांनंतरचे पहिलेच मोठे प्रदर्शन होते. तिसोचा जगभर प्रभाव पडला तो मुळातल्या कागदांमुळे नव्हे, छापील पुस्तकामुळे.

त्या पुस्तकाची एक प्रत पॅरिसच्या गोमाँ चित्रपट कंपनीत आलिस गी या दिग्दर्शिकेपुढे होती. तिने 1906 मध्ये येशूच्या जीवनावर 25 दृश्यांचा, सुमारे 300 सहायक नटनट्या घेऊन, अर्ध्या तासाहून थोडा लांब मूकपट काढला. त्यातले नेपथ्य, पोशाख, माणसांची मांडणी तिसोच्या चित्रांवरून बेतलेली आहे. आणि 1911 च्या ईस्टरला गिरगावातल्या अमेरिका इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये धुंडिराज गोविंद फाळके पत्नी सरस्वतीबाईंना घेऊन जो ख्रिस्तपट पाहायला गेले, तो आलिस गीचाच असावा असे चित्रपटाचे अनेक अभ्यासक मानतात. येशूचे प्रसंग पडद्यावरून सरकत असताना आपल्या डोळ्यांपुढे कृष्ण, राम, गोकुळ, अयोध्या उभी राहत होती, असे फाळक्यांनी पुढे ‘नवयुग’ मासिकातल्या लेखांत नोंदवले आहे. 1912 मध्ये ते लंडनला जाऊन कॅमेरा घेऊन आले आणि 3 मे 1913 रोजी गिरगावातच त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट लोकांना दाखवला गेला.

आलिस गीचा मूकपट आज पाहता येतो. तिसोचे अंगरखे, विहिरी, जिने, दगडी भिंती त्यात ओळखू येतात. पण क्रुसाच्या प्रसंगात कॅमेरा इतर बहुतेक दृश्यांप्रमाणे समोर, नाटकाच्या प्रेक्षकाच्या जागी, स्थिर उभा आहे. कॅमेरा एखाद्या पात्राच्या डोळ्यांच्या जागी ठेवायचा आणि त्याला दिसते ते प्रेक्षकाला दाखवायचे, ही चित्रपटाची नित्याची रीत व्हायला अजून काही वर्षे लागायची होती. ल्यूमिएर बंधूंनी डिसेंबर 1895 मध्ये पॅरिसमध्ये तिकीट लावून पहिला खेळ केला, त्याच्या वर्षभर आधीच ती रीत तिसोच्या त्या वहीएवढ्या कागदावर पुरी झालेली होती.